नादातून जादू शिकवणारी अकादमी कशी रचावी: कथालेखकांसाठी सविस्तर मार्गदर्शक

संगीतातून आणि ध्वनीतून जादू शिकवणारी अकादमी ही कल्पना ऐकताक्षणी मोहात पाडते आणि त्या मोहातच अशा बऱ्याच कथा फसतात. नायिका गाते, दार उघडते आणि वाचक पान उलटतो. परंतु दार नेमके कशामुळे उघडले, दुसऱ्या कोणी तेच गायले असते तर ते उघडले असते का, नायिकेचा घसा बसलेला असता तर काय झाले असते, या प्रश्नांची उत्तरे लेखकापाशीही नसतात. कादंबरी, दीर्घकथा किंवा कथाप्रधान खेळ यांसाठी अशी अकादमी उभी करू पाहणाऱ्यांकरिता पुढील पायऱ्या लिहिल्या आहेत. त्यांमागचा आग्रह एकच आहे: जादूची शक्ती कल्पनेतून आली तरी चालेल, तिच्या मर्यादा मात्र ध्वनीच्या खऱ्या स्वभावातून आल्या पाहिजेत. ध्वनीचे शास्त्र इतके समृद्ध आहे की मर्यादा वेगळ्या शोधून काढाव्या लागत नाहीत.

पहिली पायरी: जादू नादाच्या कोणत्या गुणात आहे, ते ठरवा

आपल्या संगीतशास्त्रात नादाची तीन लक्षणे सांगितली जातात: उंच-नीचता, लहान-मोठेपणा आणि जाती. पहिले लक्षण कंपनांच्या वारंवारतेवर अवलंबून असते, दुसरे कंपनांच्या विस्तारावर, आणि तिसऱ्यामुळे एकाच पट्टीत वाजणारी बासरी आणि सारंगी डोळे मिटूनही वेगळी ओळखू येते. यांना काळाचे परिमाण जोडले की लय येते. लेखकाने या चारांपैकी एक गुण मुख्य धरावा आणि बाकीचे साहाय्यक ठेवावेत. जादू मोठेपणात असेल तर सर्वांत मोठ्याने ओरडणारा श्रेष्ठ ठरेल, आणि अशी अकादमी फार लवकर कंटाळवाणी होते. जादू जातीत असेल तर प्रत्येक गळ्याची आणि प्रत्येक वाद्याची शक्ती निराळी होईल. ही रचना व्यक्तिचित्रणाला पोषक असली तरी अभ्यासक्रम आखण्यास अवघड जाते, कारण जे शिकवून येत नाही ते अकादमीत शिकवायचे कसे?

माझ्या मते सर्वांत फलदायी पाया अनुनादाचा आहे. प्रत्येक वस्तूला स्वतःची नैसर्गिक वारंवारता असते आणि बाहेरून त्याच वारंवारतेची कंपने मिळत राहिली की अल्प प्रयत्नातही वस्तूचे आंदोलन वाढत जाते. हाच नियम कथेत पुढे नेला, तर जादूगाराचे काम त्या वस्तूचा स्वर शोधणे हे ठरते. या एका निर्णयातून तीन गोष्टी आपोआप मिळतात. शोधायला वेळ लागतो, म्हणून तणाव निर्माण होतो. शोधायला कान लागतो, म्हणून शिक्षणाला अर्थ येतो. आणि तोच स्वर असलेली शेजारची वस्तूही जागी होते, म्हणून धोका तयार होतो.

याचे वास्तवातले उदाहरण इंग्लंडमधले आहे. १८३१ साली ब्रॉटन येथील झुलत्या पुलावरून सैनिकांची तुकडी पावले जुळवून चालली असता पूल हेलकावू लागला आणि त्याचे एक टोक कोसळले. त्यानंतर पुलावरून जाताना सैनिकांनी ताल मोडून चालावे, असा संकेत रूढ झाला. पुलाचा एक बोल्ट आधीच सदोष होता, हेही चौकशीत आढळले होते आणि कथेच्या दृष्टीने हा तपशील मोलाचा आहे: वाढत जाणारे आंदोलन वस्तूतील सर्वांत दुबळ्या जागी फुटते. आपल्या अकादमीतील शिकाऊ विद्यार्थी दाराचे कुलूप उघडायला गेला आणि दाराच्या चौकटीतला जुना तडा आधी उकलला, तर वाचक तक्रार करणार नाही. मात्र १९४० साली पडलेल्या टॅकोमा नॅरोज पुलाचा दाखला यासाठी देऊ नये. तो अनेक पुस्तकांत अनुनादाचे उदाहरण म्हणून येतो, पण वाऱ्याच्या प्रवाहामुळे पुलाच्या पिळवटण्याला स्वतःहून मिळत गेलेले बळ हे त्याचे कारण आज मानले जाते.

याच टप्प्यावर आणखी एका प्रश्नाचा निकाल लावावा: जादू वस्तूवर होते की ऐकणाऱ्यावर? मोहिनी, निद्रा, भय यांसारखे प्रयोग ऐकणाऱ्याच्या मनावर होत असतील, तर कान झाकणे हा पुरेसा बचाव ठरतो आणि मूकबधिर पात्र त्या अकादमीचे सर्वांत अवघड प्रतिस्पर्धी बनते. प्रयोग वस्तूवर होत असतील, तर ऐकू न येणारी व्यक्तीही तळहाताने आणि हाडांतून कंपने जाणून ही विद्या शिकू शकते. दोन्ही मार्ग चांगले आहेत, पण दोन्ही एकाच वेळी आणि सोयीनुसार वापरले की नियम संपतो.

दुसरी पायरी: ध्वनीच्या मर्यादा जादूला लावा

ध्वनीला माध्यम लागते. निर्वातात तो जात नाही, म्हणून हवा काढून घेतलेले काचपात्र हा या जगातील सर्वांत सुरक्षित तुरुंग होऊ शकतो. एखादी धोकादायक घंटा त्यात टांगून ठेवता येईल. हवेत २० अंश सेल्सिअस तापमानाला ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे ३४३ मीटर असतो आणि तापमान एका अंशाने वाढले की तो सुमारे ०.६ मीटरने वाढतो. पाण्यात हा वेग चौपटीहून अधिक असतो, तर पोलादात तो सेकंदाला ५००० मीटरच्या पुढे जातो. याचा अर्थ असा की ६८६ मीटरवर उभ्या असलेल्या शत्रूवर सोडलेला मंत्रस्वर त्याच्यापर्यंत पोहोचायला दोन सेकंद लागतील. ज्याने गाणाऱ्याचे ओठ हलताना पाहिले, त्याला तेवढ्या वेळात आडोसा गाठता येईल. उलट, लोखंडी कठड्याला कान लावून बसलेल्या पहारेकऱ्याला तोच स्वर हवेतून येणाऱ्या स्वराच्या कितीतरी आधी कळेल.

अंतराचा हिशेबही पक्का ठेवावा. मोकळ्या मैदानात लहान उगमापासूनचे अंतर दुप्पट झाले की ध्वनीची पातळी सुमारे ६ डेसिबलने उतरते. वर्गात पाच पावलांवर साधलेला प्रयोग मैदानात पन्नास पावलांवर जमत नाही यासाठी एवढे कारण पुरते; त्यासाठी ‘शक्ती क्षीण झाली’ अशी मोघम सबब नको.

माणसाला साधारणपणे २० ते २०,००० हर्ट्झ या पट्ट्यातले ध्वनी ऐकू येतात, परंतु वय वाढते तशी वरची मर्यादा खाली येत जाते. कथालेखकासाठी यात मोठा साठा दडलेला आहे. बारा वर्षांच्या मुलीला रात्री भिंतीतून येणारा एक अतिशय बारीक सूर ऐकू येतो. ती आचार्यांना सांगते, आणि आचार्य प्रामाणिकपणे म्हणतात की तेथे काहीही नाही. ते खोटे बोलत नाहीत, त्यांना तो सूर ऐकू येणे शक्यच नाही. अशा अकादमीत सर्वांत ज्येष्ठ माणसे सर्वांत वरच्या स्वरांच्या बाबतीत बहिरी असतील आणि तेथील सत्ता ज्यांच्या हाती आहे, त्यांना काही गोष्टींसाठी मुलांच्या कानांवर विसंबावे लागेल. माणसाच्या मर्यादेच्या खालचे स्वर हत्ती वापरतात आणि वरचे स्वर वटवाघळे वापरतात, तेव्हा पहाऱ्यावर कोणते प्राणी ठेवायचे हेही येथेच ठरते.

तिसरी पायरी: शक्तीची किंमत कानानेच चुकती करा

जादूची किंमत म्हणून थकवा, नाकातून रक्त किंवा आयुष्य घटणे हे उपाय आता घासून गुळगुळीत झाले आहेत. ध्वनीच्या विद्येला तिची स्वतःची किंमत आधीच लागू आहे. अंतर्कर्णातील शंखाकृती पोकळीत ज्या रोमपेशी कंपनांचे संदेशांत रूपांतर करतात, त्या माणसात एकदा नष्ट झाल्या की पुन्हा उगवत नाहीत. कामाच्या ठिकाणच्या सुरक्षिततेसाठी वापरल्या जाणाऱ्या एका प्रचलित निकषानुसार ८५ डेसिबलच्या आवाजात आठ तासांपेक्षा अधिक राहू नये, आणि पातळी दर ३ डेसिबलने वाढली की ही मुदत निम्मी होते. म्हणजे ८८ डेसिबलला चार तास, ९१ डेसिबलला दोन तास आणि १०० डेसिबलला जेमतेम पाव तास.

आता हे अकादमीत आणून बसवा. मोठे प्रयोग मोठ्या आवाजातच होत असतील, तर प्रत्येक मोठा प्रयोग करणाऱ्याच्या श्रवणातून काहीतरी कायमचे वजा होईल आणि ज्या कानाच्या बळावर त्याला वस्तूचा स्वर सापडतो, तोच कान झिजत जाईल. विद्यार्थ्याला आपल्या गुरूची कीर्ती आणि त्याचे बहिरेपण या दोन गोष्टी एकाच कारणातून आल्याचे कळते, तो प्रसंग कथेच्या मध्यावर ठेवण्याजोगा आहे. शिवाय या हिशेबामुळे सूक्ष्म आवाजात काम साधणारी परंपरा आणि मोठ्या आवाजात झटपट काम साधणारी परंपरा अशी वैचारिक फूट अकादमीतच तयार होते. बाहेरचा खलनायक आणला नाही तरी चालते.

चौथी पायरी: मंत्रांचे व्याकरण बांधा

स्वरांचा साठा आधी निश्चित करावा. भरताच्या नाट्यशास्त्रात सप्तकाच्या २२ श्रुती, म्हणजे कानाला ओळखू येणारी सूक्ष्म स्वरांतरे, मानल्या असून षड्जग्राम या स्वररचनेत त्या षड्जाला ४, ऋषभाला ३, गांधाराला २, मध्यमाला ४, पंचमाला ४, धैवताला ३ आणि निषादाला २ अशा वाटल्या आहेत. ज्या दोन स्वरांत ९ किंवा १३ श्रुतींचे अंतर असते, ते परस्परांचे संवादी मानले जातात. एवढ्या सामग्रीवर एक संपूर्ण व्याकरण उभे राहू शकते: संवादी जोड्या वस्तूंना सांधतात, दोन श्रुतींच्या अंतरावरचे विवादी स्वर त्यांना विलग करतात, आणि एका श्रुतीने कणसूर झालेला प्रयोग निष्फळ न होता भलत्याच वस्तूला लागतो. चूक ‘झाली’ आणि ‘झाली नाही’ एवढ्या दोनच टोकांची नसते, किती श्रुतींची चूक झाली हे मोजता येते, आणि परीक्षा घेणाऱ्या अकादमीला असेच मोजमाप हवे असते.

मंत्र पाठ कसे ठेवले जातात, हाही व्याकरणाचाच भाग आहे. वेदपठणाच्या परंपरेत शब्द एका ओळीत घोकण्यावर न थांबता त्यांची ठरावीक क्रमाने उलटसुलट गुंफण केली जाते. क्रमपाठात १-२, २-३, ३-४ अशी साखळी असते; जटापाठात १-२, २-१, १-२ अशी वीण असते; आणि घनपाठात १-२, २-१, १-२-३, ३-२-१, १-२-३ अशी रचना पुढे सरकत जाते. एखादे अक्षर निसटले किंवा बदलले तर ही वीण कोठेतरी फसते आणि चूक तेथल्या तेथे उघडी पडते. जेथे लिहून ठेवलेला मंत्र धोकादायक मानला जातो, अशा अकादमीला या पद्धतीचे तत्त्व उसने घेता येईल. येथे तत्त्व हा शब्द जाणीवपूर्वक वापरला आहे. लोकांच्या नित्य उपासनेतले मंत्र उचलून ते कुलूप उघडण्याच्या कामी लावणे मला कलादृष्ट्याही आळशीपणाचे वाटते, कारण तेथे लेखक दुसऱ्याच्या श्रद्धेचा भार फुकट वापरत असतो.

पाचवी पायरी: इमारतीला वाद्य समजून बांधा

बहुतेक लेखक अकादमीला मनोरे, भुयारे आणि ग्रंथालय देतात. ध्वनीच्या अकादमीत प्रत्येक दालनाचा निनाद, म्हणजे मूळ आवाज थांबल्यावरही उरणारा घुमारा, किती काळ टिकतो, हे आधी ठरवावे लागते. हार्वर्ड विद्यापीठातील एका व्याख्यानगृहात बोललेले शब्द एकमेकांत मिसळून अनाकलनीय होत, म्हणून १८९५ साली वॉलेस सॅबिन या तरुण प्राध्यापकाकडे ते काम सोपवण्यात आले. आसनांच्या गाद्या आत आणून आणि बाहेर नेऊन, रात्रीच्या शांततेत त्यांनी निनादाचा काळ मोजला. दालनाचे आकारमान वाढले की निनाद लांबतो आणि ध्वनी शोषणारे पृष्ठभाग वाढले की तो आखडतो, हा संबंध त्यांनी सूत्रात बांधला.

यातून दालनांची वाटणी सहज सुचते. उंच दगडी घुमटाखाली द्रुत लयीतले मंत्र एकमेकांवर चढून गढूळ होतील, म्हणून तेथे विलंबित आणि दीर्घ स्वरांचीच विद्या शिकवली जाईल. जड पडदे आणि गालिचे असलेल्या खोलीत अतिद्रुत आणि नेमके प्रयोग होतील. घुमटाखाली अव्वल आलेली विद्यार्थिनी उघड्या माळावर अगदी सामान्य ठरू शकते, कारण तिच्या गाण्यातले अर्धे काम आजवर भिंती करत होत्या. समोरची भिंत किमान १७ मीटर दूर असेल तरच प्रतिध्वनी मूळ आवाजापासून वेगळा ऐकू येतो. तेव्हा स्वतःच्याच प्रतिध्वनीशी युगलगान करण्याचा वर्ग घ्यायचा असेल, तर अंगण त्याहून मोठे आखावे.

कुजबुजीच्या सज्जाचा मोह टाळू नये. विजापूरच्या गोलघुमटात किंवा लंडनच्या सेंट पॉल कॅथेड्रलमध्ये घुमटाच्या गोल भिंतीशी केलेली कुजबुज वक्र भिंतीला धरून सरकत पलीकडच्या बाजूला स्पष्ट पोहोचते. अकादमीच्या संचालक मंडळाची बैठक अशाच जागी होत असेल आणि विद्यार्थ्यांना ते ठाऊक असेल, तर गुपिते फोडण्यासाठी वेगळी युक्ती योजावी लागत नाही.

सहावी पायरी: अभ्यासक्रम आणि परीक्षा

पहिल्या वर्षी एकही प्रयोग शिकवू नये. पहिले वर्ष ऐकण्याचे असावे आणि त्याची सुरुवात तंबोरा जुळवण्यापासून व्हावी. २५६ आणि २६० हर्ट्झचे दोन स्वर एकत्र वाजले तर आवाज सेकंदाला चार वेळा फुगतो आणि ओसरतो; तार जसजशी जवळ येते तसतशी ही लाट मंदावते आणि स्वर पूर्ण मिळाला की नाहीशी होते. ही लाट विद्यार्थ्याच्या स्वाधीन असते, ती मोजता येते आणि तिच्यात जादूचा अंशही नाही. म्हणूनच जादूच्या शिक्षणाचा आरंभ तिच्यापासून करणे विश्वासार्ह वाटते. स्वर डोळ्यांना दाखवायचा असेल, तर अर्न्स्ट क्लाड्नी यांनी १७८७ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगाचा वर्ग ठेवावा: धातूच्या तबकडीवर वाळू पसरून कडेवर गज फिरवला की कंप पावणाऱ्या भागांवरची वाळू उडून स्थिर रेषांवर गोळा होते आणि प्रत्येक स्वराची आकृती निराळी उमटते. आकृती पाहून स्वर ओळखण्याची लेखी परीक्षा यावरून घेता येते.

दुसऱ्या टप्प्यात विद्याशाखा पाडाव्यात. पंचमहाभूतांच्या नावाने शाखा पाडण्यापेक्षा वाद्यांचे जुने वर्गीकरण अधिक उपयोगी आहे: तत म्हणजे तारांची, सुषिर म्हणजे फुंकीची, अवनद्ध म्हणजे कातड्याने मढवलेली आणि घन म्हणजे झांज-घंटेसारखी वाद्ये. या शाखांचे स्वभाव भौतिक कारणांनीच वेगळे होतात. हवा तापली की फुंकीच्या वाद्यांचा स्वर चढतो, तर तारा सैल पडून उतरतात. म्हणून ऐन युद्धात उन्हे चढताच तत आणि सुषिर शाखांचा संयुक्त प्रयोग बिघडू लागेल. अवनद्ध शाखेला केवळ तालाची शाखा समजण्याची चूक करू नये. साध्या ताणलेल्या कातड्याचे उपस्वर, म्हणजे मूळ स्वरासोबत उमटणारे वरचे स्वर, मूळ स्वराशी जुळत नाहीत, परंतु तबला आणि मृदंग यांच्या पुडीवरील शाईमुळे, म्हणजे कातड्यावरच्या काळ्या लेपाच्या वर्तुळामुळे, ते जुळतात आणि निश्चित स्वर मिळतो, हे चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९२० साली दाखवून दिले होते. जिच्याकडे इतर शाखा ठेका धरणारे म्हणून पाहतात, त्या शाखेला स्वर आणि लय दोन्ही साधतात, हे सत्य अकादमीच्या राजकारणात योग्य वेळी बाहेर काढता येईल.

कंठविद्या या चारांपलीकडे ठेवावी, कारण तिचा प्रश्न शारीरिक आहे. किशोरवयात मुलांचा स्वरयंत्राचा आकार वाढतो, स्वरतंतू लांब आणि जाड होतात आणि आवाज सुमारे एका सप्तकाने खाली येतो. मुलींचा आवाजही उतरतो, पण फार कमी. बालवयात असामान्य ठरलेल्या मुलाचा आवाज फुटला की त्याने मिळवलेला प्रत्येक प्रयोग एका वर्षात निकामी होईल. अकादमी अशा मुलांचे काय करते, या एका नियमावरून ती संस्था वाचकाला जेवढी कळेल, तेवढी तिच्या दहा पानी इतिहासावरून कळणार नाही.

अंतिम परीक्षेसाठी प्रसंग नेमका निवडावा. टेबलावर पाच काचेचे प्याले आहेत, त्यांपैकी दोघांचे स्वर जवळजवळ सारखे आहेत आणि परीक्षार्थ्याने त्यांतला एकच फोडायचा आहे. येथे ताकद निरुपयोगी आहे. स्वर लावण्याइतकेच तो वेळेवर थांबवणे महत्त्वाचे आहे आणि दुसऱ्या प्याल्याच्या कडेवर नुसते बोट टेकवून त्याचे कंपन मारण्याची चतुराई नियमबाह्य आहे की नाही, यावर परीक्षकांत वाद होऊ शकतो.

प्रवेश, शुल्क, वसतिगृह आणि शिस्त यांविषयी फार लिहू नये. झोपेत घोरणाऱ्या किंवा गुणगुणणाऱ्या विद्यार्थ्याची खोली कोठे असते, एवढे सांगितले तरी वाचक बाकीचे समजून घेतो.

सातवी पायरी: कागदावर आवाज उमटवणे

वाचकाला यातले काहीही ऐकू येणार नाही, ही या विषयाची खरी अडचण आहे. तिच्यावर ‘मधुर’, ‘दिव्य’, ‘स्वर्गीय’ या विशेषणांचा उपाय चालत नाही, कारण त्यांतून लेखकाची पसंती कळते, आवाज कळत नाही. ‘तिने एक स्वर्गीय तान घेतली आणि दरवाजा उघडला’ या वाक्याच्या जागी पुढील परिच्छेद वाचून पाहावा.

‘तिने खालच्या पंचमापासून सुरुवात केली आणि स्वर तिळातिळाने वर नेला. बराच वेळ काहीच झाले नाही. मग बिजागरीवरची धूळ सुटून खाली आली. ती तेथेच थांबली, किंचित खाली उतरली, आणि आता कडी स्वतःशीच बोलू लागली. प्रथम दातांना जाणवेल एवढी, नंतर कानांना. श्वास संपत आला होता. मागच्या खिडकीचे तावदानही त्याच सुरात थरथरू लागल्याचे तिला ऐकू आले, पण आता सोडून चालणार नव्हते.’

येथे आवाजाचे वर्णन जवळजवळ नाही. आवाजाने काय हलले, शरीरात तो कोठे जाणवला आणि त्याला किती श्वास लागला, एवढेच आहे. मराठीत नादानुकारी शब्दांची श्रीमंती आहे, पण किणकिण काचेची, ठणठण धातूची, सळसळ पानांची अशी वाटणी कथेच्या आरंभीच करून ती शेवटपर्यंत पाळावी. तसे केल्यास अंधाऱ्या प्रसंगात केवळ एका शब्दावरून समोर काय आहे, हे वाचकाला ओळखता येते. मंत्राचे शब्द शक्यतो लिहूच नयेत. ते बनावट वाटतात आणि वाचक त्यांवरून भराभर नजर फिरवून पुढे जातो.

खर्डा पूर्ण झाल्यावर प्रत्येक प्रयोगाच्या प्रसंगासाठी वहीत पाच नोंदी कराव्यात: उगमापासून लक्ष्यापर्यंतचे अंतर, हवेचे तापमान, जागा बंदिस्त की उघडी, त्याच स्वराची दुसरी कोणती वस्तू जवळ आहे, आणि तेथे उपस्थित असलेल्यांपैकी कोणाला तो स्वर ऐकू येत नाही. शेवटच्या दोन रकान्यांत लिहिण्याजोगे काही सापडले नाही, तर तो प्रसंग दुसऱ्या खोलीत हलवून किंवा त्यात आणखी एक पात्र आणून पुन्हा लिहावा.